गावाच्या फळ्यावर खासदारांची यादी लिहायची असेल तर

आमच्या वाचनालयाच्या भिंतीवर सहा फूट बाय चार फुटांचा एक फळा आहे. गाव लाखनी तालुक्यातलं, जिल्हा भंडारा. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत एकतीस वर्षं इतिहास-भूगोल शिकवला. निवृत्त झाल्यावर पहिलं काम अंगावर घेतलं ते या फळ्याचं. १९५२ पासून आजपर्यंत आपल्या भागाच्या वतीनं दिल्लीत कोण कोण बसलं, ती नावं गावातल्या पोरांना येता-जाता दिसावीत, एवढाच हेतू. पेंटरनं पिवळ्या अक्षरांत सुबक लिहून दिलं. दुसऱ्याच दिवशी गावातले एक आजोबा काठी टेकत आले, फळा वरपासून खालपर्यंत वाचला आणि म्हणाले, "गुरुजी, माझ्या बापानं भंडाऱ्याच्या निवडणुकीत बाबासाहेबांच्या पेटीत मत टाकलं होतं. हत्तीची पेटी. ती निवडणूक कुठं हाय तुमच्या फळ्यावर?"

नव्हती. १९५२ च्या खालची माझी ओळ थेट १९५७ ची होती.

फळा उतरवला. नव्यानं लिहायला आठ महिने लागले. त्या आठ महिन्यांत जे कळलं ते इथं मांडतो, कारण महाराष्ट्रातल्या कुठल्याही जिल्ह्याची अशी यादी करायला बसलात तरी हेच खड्डे लागणार आहेत. आपल्या राज्याचं संसदेतलं प्रतिनिधित्व हा विषय पुस्तकात दोन ओळींत संपतो. स्वतःच्या तालुक्यापासून सुरुवात केली की तो पुरता उलगडतो.

सगळ्यात आधी वहीच्या पानावर मतदारसंघाचं नाव लिहू नका. तालुक्याचं नाव लिहा. मतदारसंघाची नावं बदलतात, त्यांच्या हद्दी बदलतात, नाव तेच राहून आतली गावं बदलतात. तालुक्याची जमीन मात्र जागची हलत नाही. मी "भंडारा" हा शब्द धरून शोधत गेलो आणि फसलो. नंतर "लाखनीकडची ही गावं" असं धरलं तेव्हा हिशेब लागायला लागला. लाखनी तालुका स्वतंत्र झाला तोही अलीकडे, त्यामुळे जुन्या कागदांत आम्ही साकोली तालुक्यात सापडतो. तुमच्याकडेही तालुका फुटून नवा झाला असेल, तर जुन्या तालुक्याचं नाव शेजारी लिहून ठेवा.

मग त्या जमिनीला विचारा: अमुक साली तू कोणत्या राज्यात होतीस? इथंच बहुतेकांची पहिली चूक होते. "महाराष्ट्राचे १९५२ चे खासदार" अशी यादी शोधाल तर ती मिळणार नाही, कारण महाराष्ट्र १ मे १९६० ला झाला. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत आजच्या महाराष्ट्राचे खासदार तीन राज्यांच्या याद्यांत विखुरलेले होते. मुंबई, पुणे, कोकण, नाशिक, खानदेश हा भाग मुंबई राज्याच्या यादीत. त्याच यादीत अहमदाबाद, सुरत आणि खाली बेळगाव, विजापूर, धारवाडसुद्धा. मराठवाडा हैदराबाद राज्याच्या यादीत. आणि आम्ही विदर्भातले लोक मध्य प्रदेशच्या यादीत, ज्याची राजधानी तेव्हा नागपूर होती. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यपुनर्रचना झाली, मराठवाडा आणि विदर्भ द्वैभाषिक मुंबई राज्यात आले, म्हणून १९५७ ची यादी मुंबई राज्याची. १९६२ पासून पुढची महाराष्ट्राची.

हे मुलांना समजावून सांगायला मी पंजाबराव देशमुखांचं उदाहरण देतो. अमरावतीच्या मातीतून ते १९५२, १९५७ आणि १९६२ अशा तिन्ही वेळा निवडून आले. माणूस तोच, मुलूख तोच. पण पहिल्यांदा ते मध्य प्रदेशचे खासदार, दुसऱ्यांदा मुंबई राज्याचे, तिसऱ्यांदा महाराष्ट्राचे. स्वामी रामानंद तीर्थांचं उदाहरण याहून वेगळं. १९५२ ला ते हैदराबाद राज्याच्या यादीत गुलबर्ग्याचे (ते आता कर्नाटकात) खासदार म्हणून दिसतात आणि १९५७ ला मुंबई राज्याच्या यादीत औरंगाबादचे. मराठवाड्यातल्या कुणी माणसाच्या नावावरून माग काढला तर गुलबर्गा मराठवाड्याच्या यादीत घुसेल. जमिनीवरून काढला तर घुसणार नाही. उलट बाजूनं, लोकसभेचे पहिले अध्यक्ष गणेश वासुदेव मावळंकर मराठी, मुंबई राज्यातूनच निवडून आलेले, पण मतदारसंघ अहमदाबाद. त्यांचं नाव तुमच्या यादीत येत नाही, आणि याचं वाईट वाटून घेऊ नका.

आता जागांचा आकडा. हा प्रत्येक टप्प्यावर तपासून पाहा, म्हणजे मधलं कुणी सुटलं तर लगेच कळतं. १९५२ ला मुंबई राज्यात मतदारसंघ ३७ आणि खासदार ४५. द्वैभाषिकात १९५७ ला ६६ खासदार. १९६० ला राज्य दुभंगलं तेव्हा त्यातले ४४ महाराष्ट्राकडे आणि २२ गुजरातकडे. ४४ अधिक २२ बरोबर ६६, हिशेब चोख बसतो. १९६७ ला ४५ झाले, १९७७ ला ४८. तिथून पुढे आजपर्यंत ४८ च, कारण आणीबाणीतल्या बेचाळिसाव्या घटनादुरुस्तीनं राज्यांच्या जागा गोठवल्या आणि नंतरच्या दुरुस्तीनं ती मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत नेली. २००८ च्या मतदारसंघ पुनर्रचनेत आतल्या हद्दी हलल्या, एकूण आकडा हलला नाही. मी फळ्याच्या कोपऱ्यात एक छोटा हिशेब लिहिला आहे. १९६१ च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या सुमारे ३ कोटी ९६ लाख होती, म्हणजे एका खासदारामागे नऊ लाख माणसं. २०११ ला ११ कोटी २४ लाख, म्हणजे एका खासदारामागे तेवीस लाखांहून जास्त. दहावीतली एक मुलगी हा हिशेब वाचून म्हणाली, "मग आपला आवाज आजोबांपेक्षा निम्म्याहून कमी झाला ना?" मला ते फार नेमकं वाटलं.

मघाशी म्हटलं, मतदारसंघ ३७ आणि खासदार ४५. हा फरक नीट समजून घेतल्याशिवाय १९५२ आणि १९५७ ची एकही ओळ लिहू नका. काही मतदारसंघ द्विसदस्य होते. तिथं मतदारांना दोन मतं, पण दोन्ही मतं एकाच उमेदवाराला देता येत नसत. दोन जागांतली एक अनुसूचित जातींसाठी किंवा जमातींसाठी राखीव. आधी राखीव जागा ठरायची: त्या समाजाच्या उमेदवारांत ज्याला सर्वांत जास्त मतं तो निवडून आला. मग उरलेल्या सगळ्यांत ज्याला जास्त मतं तो दुसरा. म्हणून तुमच्या जिल्ह्यापुढे एकाच साली दोन नावं दिसली तर ती छपाईची चूक समजून एक खोडू नका. मी पहिल्या फळ्यावर तेच केलं होतं. तेव्हा मतपत्रिकेवर शिक्का मारायचा नसे. प्रत्येक उमेदवाराची वेगळी पेटी, पेटीवर चिन्ह, मतपत्रिका त्या पेटीत टाकायची. आजोबांनी "हत्तीची पेटी" म्हटलं ते शब्दशः खरं होतं. हत्ती हे बाबासाहेबांच्या शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशन या पक्षाचं चिन्ह.

द्विसदस्य मतदारसंघ १९६१ च्या कायद्यानं बंद झाले. त्यामुळे १९६२ ला जोडीतले मतदारसंघ सुटे झाले आणि काही नावं यादीत पहिल्यांदाच आली. आमच्याकडे १९५७ ला भंडारा द्विसदस्य होता: रा. मा. हजरनवीस आणि राखीव जागेवर बाळकृष्ण वासनिक. १९६२ ला हजरनवीस भंडाऱ्याचे आणि वासनिक गोंदियाचे. १९६७ च्या यादीत गोंदिया हा मतदारसंघच नाही, आणि हजरनवीस चिमूरहून निवडून आलेले. नावाच्या मागे धावणारा माणूस इथं गोंधळून जातो.

आता त्या हरवलेल्या निवडणुकीकडे येतो, कारण सगळ्यात मोठा धडा मला तिनंच दिला. निवडणूक आयोगाचे सार्वत्रिक निवडणुकांचे अहवाल संगणकावर मिळतात, फुकट मिळतात, त्यात प्रत्येक उमेदवाराची मतं असतात. पण ते सार्वत्रिक निवडणुकीचे अहवाल आहेत. मधल्या पोटनिवडणुका त्यात नसतात. यशवंतराव चव्हाण संरक्षणमंत्री होऊन दिल्लीला गेले आणि १९६३ ला नाशिकच्या पोटनिवडणुकीत बिनविरोध निवडून आले. नाशिकची यादी फक्त १९६२ आणि १९६७ च्या अहवालांवरून केलीत तर चीनच्या युद्धानंतरचा देशाचा संरक्षणमंत्री तुमच्या जिल्ह्याच्या यादीतून गळतो. आमच्याकडे अगदी अलीकडेही तेच. २०१४ ला निवडून आलेले नाना पटोले यांनी राजीनामा दिला, २०१८ ला पोटनिवडणूक होऊन मधुकर कुकडे खासदार झाले, २०१९ ला सुनील मेंढे. कुकडे यांचं नाव लोकसभेच्या सार्वत्रिक निवडणुकीच्या एकाही अहवालात विजयी म्हणून नाही.

यावर उपाय एकच. लोकसभेच्या संकेतस्थळावर प्रत्येक लोकसभेच्या सदस्यांची यादी आहे. अहवालातली नावं आणि ती यादी शेजारी शेजारी ठेवून एकेक नाव टिचकी मारत जुळवा. जे नाव एकाच बाजूला आहे तिथं गोष्ट दडलेली असते.

आणि पोटनिवडणूक सापडली की थांबू नका, ती का झाली ते शोधा. मृत्यू, राजीनामा किंवा कोर्ट, या तिनांपैकी एक कारण बहुधा निघतं. भंडाऱ्याचं कारण कोर्ट निघालं, आणि तो निकाल वाचताना मी रात्री जेवायचं विसरलो.

१९५२ ला भंडाऱ्याच्या सर्वसाधारण जागेवर काँग्रेसचे चतुर्भुज जसानी निवडून आले होते. निवडणुकीला आव्हान दिलं गेलं आणि प्रकरण सर्वोच्च न्यायालयात पोचलं. मुद्दे दोन होते. पहिला असा की जसानी ज्या विडी कंपनीत भागीदार होते तिचा सरकारला विड्या पुरवण्याचा करार होता, आणि सरकारशी असा करार असलेल्या माणसाला निवडणूक लढवता येत नाही. विडीचा धंदा म्हणजे आमच्या जिल्ह्याचं घरोघरचं पोट; तेंदूपत्त्याचा वास न घेतलेलं मूल इथं सापडणार नाही. त्या विडीनं एक खासदारकी घालवली. दुसरा मुद्दा मला त्याहून मोलाचा वाटतो. राखीव जागेसाठी गंगाराम ठवरे यांनी अर्ज भरला होता. तो फेटाळला गेला, कारण ते जन्मानं महार असले तरी महानुभाव पंथात गेलेले होते आणि म्हणून आता महार राहिले नाहीत, असं म्हणणं पडलं. चक्रधरस्वामींचा पंथ आणि भारतीय निवडणूक कायदा यांची गाठ अशी भंडाऱ्यात पडली! सर्वोच्च न्यायालयानं फेब्रुवारी १९५४ मध्ये निकाल दिला: पंथ बदलला म्हणून जात आपोआप सुटत नाही, जुना समाज त्या माणसाला आपला मानतो का, तो स्वतः काय मानतो आणि नव्या पंथाचे नियम काय सांगतात हे पाहावं लागतं. ठवरे महारच राहिले होते, त्यांचा अर्ज चुकीनं फेटाळला गेला होता. म्हणून सगळी निवडणूकच रद्द.

त्यामुळे १९५४ ला दोन्ही जागांसाठी पुन्हा मतदान झालं. त्या राखीव जागेसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले. १९५२ ला मुंबई शहर उत्तरमध्ये ते नारायण काजरोळकरांकडून हरले होते आणि मुंबई राज्यातून राज्यसभेवर गेले होते. राज्यसभेचे सदस्य असतानाच ते भंडाऱ्याला आले. सर्वसाधारण जागेवर प्रजा समाजवादी पक्षाचे अशोक मेहता जिंकले. राखीव जागेवर काँग्रेसचे भाऊराव बोरकर जिंकले, बाबासाहेब हरले. लोकसभेवर निवडून येणं त्यांच्या आयुष्यात झालंच नाही.

यावरून मी एक नियम केला आणि तो तुम्हालाही सांगतो. फळ्यावर "शेरा" नावाचा एक रकाना ठेवाच. निवडून आलेल्यांची यादी खरी असते, पण पुरी नसते. कोणती निवडणूक कोर्टानं रद्द केली, कुणाला लोकांनी नाकारलं, हेही त्या जमिनीच्या प्रतिनिधित्वाच्या इतिहासातच येतं. आमच्या १९५४ च्या ओळीपुढे शेऱ्यात बाबासाहेबांचं नाव आहे.

माझ्या फळ्याचे रकाने असे आहेत: वर्ष, तेव्हाचं राज्य, मतदारसंघाचं नाव, जागा सर्वसाधारण की राखीव, निवडून आलेली व्यक्ती, पक्ष, सार्वत्रिक की पोटनिवडणूक, आणि शेरा. पक्ष त्या दिवशीचा लिहा. अशोक मेहता १९५४ ला आमच्याकडून प्रजा समाजवादी म्हणून निवडून आले आणि १९६७ ला पुन्हा आमच्याकडूनच, पण काँग्रेसचे म्हणून. आजच्या डोळ्यांनी एकच पक्ष लिहिलात तर दोन्हीतली एक ओळ खोटी होते. नावांच्या स्पेलिंगचंही तेच. जुन्या कागदांत मेहतांचं नाव "अशोका" असंही पडतं, म्हणून शोधताना दोन्ही घालून पाहा.

राखीव जागांचा रकाना सोडू नका. २००८ च्या पुनर्रचनेआधी महाराष्ट्रात अनुसूचित जातींसाठी तीन जागा होत्या: बुलढाणा, उस्मानाबाद आणि पंढरपूर. त्यानंतर पाच झाल्या: अमरावती, रामटेक, शिर्डी, लातूर, सोलापूर. जमातींच्या चारच राहिल्या, पण जागा हलल्या. धुळे खुला झाला, मालेगाव हा मतदारसंघच राहिला नाही, दिंडोरी आणि गडचिरोली-चिमूर राखीव झाले, डहाणूच्या जागी पालघर आला, नंदुरबार तेवढा कायम राहिला. बुलढाण्याच्या माणसाला हे एका ओळीत कळायला हवं.

नावाची एक गंमतही सांगतो. कुलाबा जिल्ह्याचं नाव १९८१ ला रायगड झालं, पण लोकसभेचा मतदारसंघ पुढची पंचवीसहून अधिक वर्षं कुलाबाच होता. रायगड हे नाव २००९ च्या निवडणुकीत आलं. चिंतामणराव देशमुख १९५२ ला याच कुलाब्यातून निवडून आले होते, आणि मुंबई महाराष्ट्राला न देण्याच्या धोरणावरून १९५६ ला त्यांनी अर्थमंत्रिपद सोडलं. मुंबई शहरातल्या कुलाब्याशी याचा संबंध जोडू नका. मी स्वतः विद्यार्थ्यांना दोन वर्षं तसं चुकीचं सांगितलं होतं.

हद्दी पक्क्या करायला परिसीमन आयोगाचे आदेश वाचावे लागतात. कंटाळवाणे आहेत, तरी वाचा. आजचा भंडारा-गोंदिया मतदारसंघ तुमसर, भंडारा, साकोली, अर्जुनी-मोरगाव, तिरोडा आणि गोंदिया या सहा विधानसभा क्षेत्रांचा. जिल्हा गोंदिया असला तरी आमगाव त्यात नाही. ते गडचिरोली-चिमूरमध्ये आहे. माझी धाकटी बहीण देवरीला दिली आहे. देवरी आमगाव क्षेत्रात येतं, म्हणून तिचा खासदार वेगळा आणि माझा वेगळा. भाऊबीजेला ती आली की आमचं याच्यावरून हमखास बोलणं होतं. जिल्हा आणि मतदारसंघ या दोन वेगळ्या रेषा आहेत हे समजवायला यापेक्षा सोपं उदाहरण माझ्याकडे नाही.

राज्यसभेची यादी वेगळ्या कागदावर करा. महाराष्ट्राचे राज्यसभेचे १९ सदस्य आहेत, त्यांना विधानसभेचे आमदार निवडून देतात आणि ते अख्ख्या राज्याचे असतात. ते तुमच्या जिल्ह्यात राहतात म्हणून जिल्ह्याच्या ओळीत घालू नका. १९५२ च्या आधीचाही कागद वेगळा. तेव्हा मत मोजक्यांनाच होतं, आणि संविधान सभेचे सदस्य प्रांतांच्या विधानसभांनी निवडलेले होते. बाबासाहेब तिथं आधी बंगालमधून गेले होते; फाळणीनंतर १९४७ च्या जुलैत मुंबई प्रांतानं त्यांना मुकुंदराव जयकरांच्या रिकाम्या जागेवर पाठवलं.

नावं पुरी झाली की शेवटचं काम उरतं, आणि मला सगळ्यात आवडतं ते हेच. लोकसभेतल्या चर्चा आता संसदेच्या डिजिटल ग्रंथालयात वाचता येतात. प्रत्येक खासदारानं आपल्या भागाबद्दल काय विचारलं ते शोधा. मी तीन शब्द घेऊन बसलो: धान, विडी आणि वैनगंगा. नंतर गोसीखुर्द जोडला. १९८८ ला राजीव गांधींनी त्या धरणाची पायाभरणी केली, पण कागदांत ते कुठं गोसीखुर्द, कुठं गोसेखुर्द, तर कुठं इंदिरासागर म्हणून येतं. एकच नाव घालून शोधलंत तर निम्मे कागद दिसत नाहीत. तुमच्याकडे ऊस असेल, कापूस असेल, रेल्वेचं फाटक असेल. तुमचे शब्द तुम्हीच ठरवा. जे सापडेल त्याची दोन ओळींची टाचणं फळ्याखालच्या फाइलमध्ये लावा.

फळा रंगवायला देण्याआधी कच्ची यादी साध्या कागदावर काढून आठवडाभर वाचनालयाच्या दाराशी चिकटवा आणि शेजारी पेन बांधून ठेवा. आमच्या कागदावर अकरा जणांनी लिहिलं. त्यातल्या चार दुरुस्त्या अहवालांत तपासल्यावर खऱ्या निघाल्या, बाकीच्या आठवणी फाइलमध्ये गेल्या. ते आजोबाही आले. त्यांना लिहिता येत नाही, म्हणून त्यांनी सांगितलं आणि नातीनं लिहिलं.

पेंटरला ऑइलपेंटच सांगा, डिस्टेंपर पावसाळ्यात उडतो. आणि २०२४ ला निवडून आलेल्या प्रशांत पडोळे यांच्या ओळीखाली निदान सहा ओळींची जागा कोरी सोडा, रकान्यांच्या रेघा मात्र आत्ताच पूर्ण ओढून घ्या. मतदारसंघाच्या नावाचा रकाना जरा रुंद ठेवा.